रिकिबीतला पाय

रविवार, रात्री साडेअकरा

'लॉस्ट इन ला मांचा' आज दुसऱ्यांदा पाहिला. पहिल्या वेळी लक्ष सगळं दिग्दर्शक टेरी गिलियमकडे होतं. २००० साली स्पेनमध्ये डॉन किहोतेवरचा, म्हणजे स्पॅनिश कादंबरीतल्या त्या खुळ्या सरदारावरचा, त्याचा सिनेमा कसा कोसळला, त्याचा हा माहितीपट. डोक्यावरून घोंघावणारी लढाऊ विमानं, सामान वाहून नेणारा पूर. आज मात्र नजर एकाच माणसावर खिळली होती. किहोते होणारा फ्रेंच नट ज्याँ रोशफोर.

सत्तरीचा, उंच, सडसडीत माणूस. किहोतेसाठी याच्याहून योग्य चेहरा मिळाला नसता. या भूमिकेसाठी तो सात महिने इंग्रजी शिकला. आणि घोड्यावर बसला की चेहरा पांढराफटक पडतोय. उतरल्यावर दोघांनी धरून नेलं, एकेक पाऊल मोजत. मणक्याची चकती सरकली होती. शूटिंग थांबलं ते थांबलंच.

मला हे इतकं लागलं, कारण गेल्या आठवड्यात 'कार्तूश' पाहिला होता. १९६२चा, फिलिप द ब्रोकाचा. अठराव्या शतकातलं पॅरिस, चोरांची टोळी, तलवारी. नायक बेलमोंदो, रोशफोरचा अभिनयशाळेतला दोस्त. रोशफोर त्याचा साथीदार. याच सिनेमाच्या वेळी तो घोडेस्वारी शिकला आणि तिच्या प्रेमात पडला, ते जन्मभरासाठी. पुढे स्वतःची पागा उभी केली, घोड्यांची पैदास केली. २००४च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये फ्रेंच टीव्हीवर घोडेस्वारीच्या स्पर्धांचं समालोचनसुद्धा केलं. म्हणजे पाठ मोडल्यावरही घोडे सुटले नाहीतच.

त्या काळात त्याच्या वाट्याला बाजूच्याच भूमिका यायच्या. 'कॅप्टन फ्राकास' आणि 'लोखंडी मुखवटा', दोन्हींत नायक ज्याँ मारे, हा मागे कुठेतरी. मग १९६४पासून 'आंजेलिक'ची चित्रपटमालिका. पोस्टरवर नायिका मिशेल मर्सिए, आणि हा देग्रे नावाच्या पात्रात. पहिल्या भागात देग्रे वकील असतो, आंजेलिकच्या नवऱ्यावर चेटूक केल्याचा आरोप येतो तेव्हा त्याची बाजू मांडतो. नंतर तोच पोलीस होतो. भरजरी पोशाखांच्या त्या गर्दीत मला तोच खरा वाटतो. आवाज चढवत नाही, हातवारे नाहीत, समोरच्याचं बोलणं मात्र कान देऊन ऐकतो. ऐकणारा नट पडद्यावर किती जागा व्यापतो, हे मला त्याच्याकडे बघताना कळलं.

बाबांची आठवण येत राहिली. गणेशोत्सवातल्या नाटकांत ते कायम शिपाई नाहीतर हुजरे. एका वर्षी तीन वाक्यांच्या कामासाठी स्वतः फेटा बांधायला शिकले. नाटक कुणाच्या लक्षातही नाही. पण घरातल्या प्रत्येक लग्नात सकाळी सहापासून बाबांसमोर रांग लागायची. फेट्याचं एक टोक दातात धरून ते बांधत बसायचे, मान वर करायलाही फुरसत नसे.

रोशफोरला मोठा मान मिळाला तोही आधी बाजूच्याच कामासाठी. १९७६ साली फ्रेंच सिनेमाचे सेझार पुरस्कार पहिल्यांदा दिले गेले, त्यात सहायक अभिनेत्याचा त्याला. सिनेमा दिग्दर्शक ताव्हेर्निएचा, काळ १७१९. त्यात तो आबे (म्हणजे पाद्री) द्युब्वा, देवावर काडीचा विश्वास नसताना आर्चबिशप व्हायला निघालेला. दोनच वर्षांनी प्रमुख भूमिकेचाही सेझार आला.

आणि तरी माझं मन अडतं ते घोड्यापाशीच. दुसऱ्याच्या मागून दौडताना जे त्याला मिळालं, ते नायक होऊन एकदाचं खोगिरावर चढल्यावर शरीराने हिसकावून घेतलं. हा अन्यायच वाटतो मला, आणि तो कुणाच्या नावावर टाकावा तेही कळत नाही.

गिलियमचा सिनेमा शेवटी २०१८ला आला, किहोते झाला जोनाथन प्राइस. रोशफोर आदल्याच ऑक्टोबरात गेला होता. सिनेमा त्याला आणि नट जॉन हर्टला अर्पण केलाय. ती पाटी दिसली तेव्हा मी पॉज केलं होतं.

उद्या सातची गाडी आहे, झोपायला हवं. पण 'कार्तूश' परत लावलाय, आवाज बंद करून. बेलमोंदोकडे बघतच नाहीये. मागच्या घोड्यावर एकतीस वर्षांचा रोशफोर आहे.