तेल मोजलं, कूट मोजायचं राहिलं

मागच्या जानेवारीत माझं एचबीएवनसी, म्हणजे तीन महिन्यांची सरासरी साखर सांगणारी तपासणी, 6.1 आलं; मधुमेहाच्या अगदी उंबरठ्यावर. उंची 157 सेंटीमीटर, वजन 74.6 किलो. डॉक्टर म्हणाले, "गोळी लगेच नको. आधी सात टक्के वजन उतरवा आणि आठवड्याला दीडशे मिनिटं चाला." अमेरिकेतल्या एका मोठ्या अभ्यासाबद्दलही त्यांनी सांगितलं. कमी फॅटचा आहार, चालणं आणि नियमित मार्गदर्शन यांनी तिथे मधुमेह होण्याचं प्रमाण 58 टक्क्यांनी घटलं होतं. त्याचे निकाल 2002 मध्ये आले. माझ्या आईचा पाय मधुमेहाने गेला, त्यामुळे मला जास्त समजवावं लागलं नाही.

सात टक्के म्हणजे सव्वापाच किलो. दर शनिवारी वजन उतरवणाऱ्या आम्हा दहा जणींचा गट जमायचा, वजन व्हायचं, खाण्याची वही तपासली जायची.

पहिले पंधरा दिवस मी तेल बंदच केलं. उकडलेल्या भाज्या खाऊन अकरा वाजता पोटात खड्डा पडायचा, मग 'लो फॅट' लिहिलेली बिस्किटं खायची. त्यांत साखर भरपूर, हे पाकीट उलटून वाचल्यावर कळलं. आहारतज्ज्ञ बाई म्हणाल्या, "अहो, ए, डी, ई, के ही जीवनसत्त्वं अंगी लागायला थोडं तेल-तूप लागतंच. बंद नको, मोजून घ्या." माणशी दिवसाला चार छोटे चमचे, म्हणजे 20 मिली.

घरात आम्ही चौघं, आणि पाच लिटरचा डबा महिन्यात संपायचा. हिशेब केला तर माणशी चाळीस मिलीच्या वर! नव्या डब्यावर मार्करने तारीख लिहिली. किटलीने धार सोडायची वीस वर्षांची सवय होती. किटली माळ्यावर ठेवली आणि फोडणीला चमचा घेतला. कांदा चिकटायला लागला की पाण्याचा हबका मारायचा आणि झाकण ठेवायचं. म्हशीच्या दुधाऐवजी टोन्ड आणलं. तो डबा दोन महिने पुरला.

चार किलो उतरले आणि काटा थांबला. तीन शनिवार तोच आकडा. मला रडू आलं, कारण चालणं एकही दिवस चुकलं नव्हतं. बाईंनी वही चाळली आणि विचारलं, "कूट किती घालता?"

कूट मी कधी लिहिलंच नव्हतं. भरली वांगी, कोशिंबीर, खिचडी, सगळ्यात मूठमूठ जायचं. घरी येऊन वाटीभर कूट काट्यावर ठेवलं, 90 ग्रॅम भरलं. शेंगदाण्यात निम्म्याच्या आसपास फॅट असतं. म्हणजे त्या एका वाटीत नऊ-दहा चमचे तेल. फॅटमध्ये ग्रॅममागे नऊ कॅलरी, पिष्टमय पदार्थांत चार. दाणे वाईट नाहीत, प्रथिनं आहेत त्यांत, पण ते हिशेबात धरायलाच हवेत. कुटाच्या डब्यात मी पोह्याचा चमचा ठेवला, भाजीला चौघांत दोन चमचे.

सासूबाईंना हे पटेना. "कुटाशिवाय वांग्याला चव कुठली गं?" मी वाद घातला नाही. तीळ भाजून थोडे घातले, चिंच-गूळ नेहमीचाच ठेवला. त्या दिवशी त्या काही बोलल्या नाहीत, पण भाजी दुसऱ्यांदा वाढून घेतली.

सहा महिन्यांनी वजन 69.2, एचबीएवनसी 5.8. परवा संकष्टीला खिचडीसाठी साबुदाणा भिजवायला गेले, तर सासूबाईंनी आधीच भगर धुऊन ठेवली होती, आणि शेजारी कुटाचा चमचा.