आज सकाळी लाइट गेली तेव्हा

ऐरोलीत आज पहाटे लाइट गेली आणि आईचं ऑक्सिजनचं मशीन थांबलं. सिलिंडर जोडताना माझे हात लटलटत होते. तासाभराने वायरमन दादा आले. भर पावसात, दातांत टॉर्च धरून, फीडर पिलरपाशी, म्हणजे रस्त्याकडेच्या विजेच्या पेटीपाशी, उकिडवे बसले आणि जळकी केबल सोलायला लागले.

लाइट आल्यावर त्यांना चहा दिला. बोलता बोलता ४ जानेवारी २०२३ चा विषय निघाला. ठाणे, नवी मुंबई, भांडुप पट्ट्यात खासगी कंपनीला वीजवितरणाचा समांतर परवाना नको, म्हणून सरकारी वीज कंपन्यांच्या कर्मचाऱ्यांनी राज्यभर ७२ तासांचा संप पुकारला होता. सरकारने मेस्मा लावला, म्हणजे अत्यावश्यक सेवांमधल्या संपाला बंदी घालणारा कायदा; तो मोडला तर अटक होऊ शकते. चर्चा होऊन संप त्याच दिवशी मिटला. दादा म्हणाले, "ताई, घरी बायको एकच विचारत होती, अटक झाली तर पोरांचं काय?"

सरकारी कर्मचाऱ्यांना संपाचा मूलभूत हक्क नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्येच म्हटलंय. वीज तोडू नये, हे आज माझ्याइतकं कुणाला पटणार? पण नोटीस देऊन, मागणी सांगून काम थांबवणाऱ्याला तुरुंगाची भीती घालणं मला मान्य नाही. त्याची सेवा इतकी अत्यावश्यक असेल, तर त्याचं म्हणणं संपाआधीच ऐकून घ्यायला हवं. आमच्या घराने तेव्हा फक्त मोबाइल चार्ज करून ठेवले होते. संप कशासाठी, हे मी विचारलंही नव्हतं.

आई आता शांत झोपली आहे. मशीनचा आवाज येतोय.