आश्वासित प्रगतीचा लाभ आणि ‘फक्त अर्जदारांपुरता’ आदेश

वरची पदे मोजकीच असलेल्या संवर्गांत कर्मचारी वर्षानुवर्षे एकाच पदावर राहतो, आणि ही कुंठितता दूर करण्यासाठी महाराष्ट्र शासनाने 1 ऑक्टोबर 1994 पासून कालबद्ध पदोन्नतीची योजना लागू केली. 2001 मध्ये तिची जागा सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजनेने घेतली आणि 2 मार्च 2019 च्या शासन निर्णयाने 10, 20 व 30 वर्षांच्या नियमित सेवेनंतरचे तीन लाभ, म्हणजे पदोन्नती न मिळताही वरची वेतनश्रेणी, आले.

कागदावर हे सरळ दिसते. भांडण सुरू होते ते वर्षे मोजताना. सुरुवातीची तात्पुरती सेवा धरायची की नाही, विभागीय परीक्षा उशिरा उत्तीर्ण झाल्यास देय दिनांक पुढे जातो का, मध्यंतरी मिळालेली वरची वेतनश्रेणी हा एक लाभ समजायचा का, अशा प्रश्नांवर दोन कार्यालये दोन उत्तरे देतात. सर्वांत क्लेशदायक प्रसंग निवृत्तीच्या तोंडावर येतो. सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे जाते, कार्यालयानेच पूर्वी मंजूर केलेल्या लाभावर आक्षेप नोंदवला जातो आणि उपदानातून (ग्रॅच्युइटीतून) वसुली करण्याचे पत्र निघते. गट क व गट ड मधील कर्मचाऱ्यांकडून, तसेच निवृत्त किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, अशी वसुली करता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 18 डिसेंबर 2014 रोजी स्पष्ट केले. तरीही पत्रे निघतात. शिवाय हा निकाल वसुली थांबवतो; चुकीने दिलेला लाभ पुढे चालू ठेवण्याचा हक्क त्यातून मिळत नाही.

माझ्या मते खटल्यांची संख्या वाढण्याचे मुख्य कारण योजनेतील संदिग्धता हे नाही. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने, म्हणजे आपल्या रोजच्या बोलण्यातील ‘मॅट’ने, एखाद्याच्या बाजूने निकाल दिला की विभाग त्याची अंमलबजावणी ‘फक्त अर्जदारांपुरती’ करतो, आणि त्याच तारखेला, त्याच आदेशाने रुजू झालेल्या शेजारच्या टेबलावरील सहकाऱ्याला स्वतंत्र अर्ज करावा लागतो. (जिल्हा परिषदेचा कर्मचारी असेल तर मॅटऐवजी थेट उच्च न्यायालय.) समान स्थितीतील कर्मचाऱ्यांना सामान्यतः समान लाभ द्यावा, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2014 मध्ये मांडले, मात्र इतरांनी लढून निकाल मिळवेपर्यंत जे स्वस्थ बसले, त्यांना विलंबामुळे दाद नाकारता येते, हा अपवादही त्याच निकालात आहे. विभाग तत्त्व विसरतात आणि अपवाद पाठ ठेवतात.

म्हणून निवेदनांवर विसंबणे धोक्याचे आहे. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 नुसार निवेदनानंतर सहा महिने निर्णय आला नाही, तर त्यापुढील एका वर्षात अर्ज दाखल करावा लागतो. दरवर्षी एक स्मरणपत्र देत राहिल्याने ही मुदत वाढत नाही, आणि जुन्या मागणीवर नव्याने नकाराचे उत्तर आले म्हणून मेलेली मागणी जिवंतही होत नाही. 2008 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे सांगितले. आपल्याकडे मात्र आवक क्रमांकाचा शिक्का बसलेली पोच म्हणजे जणू स्थगिती आदेश, अशा समजुतीने माणसे ती फाईलला लावून निश्चिंत होतात.

न्यायालयात गेले म्हणजे लाभ मिळतोच, असेही नाही. केंद्राच्या सुधारित आश्वासित प्रगती योजनेत पदोन्नतीच्या पदाचे ग्रेड वेतन (श्रेणीनुसार वेतनात मिळवली जाणारी रक्कम) मिळावे, ही मागणी अनेक ठिकाणी मान्य झाल्यानंतर सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2020 मध्ये ती फेटाळली आणि वेतनरचनेतील लगतचे पुढचे ग्रेड वेतनच देय ठरवले. वकिलाला भेटण्यापूर्वी निकालाची तारीख पाहावी ती यासाठी.

वेतन दरमहा कमी मिळत असल्याने अन्याय चालूच आहे, हा युक्तिवाद अनेकदा स्वीकारला जातो. परंतु तो स्वीकारूनही थकबाकी सहसा याचिका दाखल होण्यापूर्वीच्या तीन वर्षांचीच मिळते.