‘तुमच्या संस्कृतीतलं काहीतरी आणा’

मुलीच्या नाट्यवर्गात यंदा नवा नियम आलाय. वर्षाखेरीला प्रत्येकाने दोन स्वगतं करायची, त्यातलं एक ‘स्वतःच्या संस्कृतीतलं’. मदत म्हणून बाईंनी उताऱ्यांची यादीही पाठवली. इथे इंग्लंडात, लेस्टरच्या बसमध्येच ती उघडली आणि माझं डोकं फिरलं.

भारतीय वंशाच्या मुलींसाठी काय काढलं होतं? एकीचं लग्न बाप परस्पर ठरवतोय. दुसरीला कॉलेजला जाऊ देत नाहीत. तिसरी घरातून पळायच्या बेतात. सगळ्या रडतायत. एकही पोरगी थापा मारत नाही, कुणाची नक्कल करत नाही, मैत्रिणीवर जळत नाही. असं घडतच नाही असं मी म्हणणार नाही, आमच्या बेळगावच्या शहापुरातही घडलंय. पण चौदा वर्षांच्या मुलीला आपल्या लोकांबद्दल दाखवायला तेवढंच असतं का? त्याच वर्गात एक गोरी मुलगी शेक्सपिअरची ज्युलिएट करतेय. चौदाही पूर्ण न झालेली पोर, बाप पॅरिसशी लग्न लावायला निघालाय, आणि नाही म्हणालीस तर रस्त्यावर भीक माग म्हणून दरडावतोय. ते क्लासिक. आमच्याकडचं तेच असलं की संस्कृती!

त्यावर कडी म्हणजे बाई म्हणाल्या, ‘थोडा भारतीय ॲक्सेंट घेतलास तर छान वाटेल.’ माझी लेक इंग्रजी लेस्टरचं बोलते आणि मला ‘मम्मी, काय करायलीस?’ म्हणते. यातला कुठला ॲक्सेंट घ्यायचा, ते बाईंनाच विचारायला हवं होतं. चांगलं साहित्य इथे नाही असंही नाही. तारा आर्ट्स (आताचं तारा थिएटर) ही नाटक कंपनी 1977 पासूनची, तमाशा नावाची दुसरी 1989 पासूनची. ब्रिटनमध्ये वाढलेल्या आपल्या पोरांसाठी यांनी किती नाटकं उभी केली. ती चाळायची तसदी कुणी घेतली नाही, याचाच जास्त राग.

बाईंची एक गोष्ट मात्र मानली. अख्खं नाटक वाचल्याशिवाय उताऱ्याला हात लावू देत नाहीत. पात्र आपल्या वयाच्या आसपासचं हवं. ती कुणाशी बोलतेय, तिला काय हवंय, आणि हे आत्ताच का बोलतेय, हे सांगता आलं तरच उभं राहायचं. आपल्याकडचं गॅदरिंग आठवा. बाईंनी वहीत उतरवून दिलेलं भाषण, कुठल्या वाक्याला कुठला हात वर करायचा तेही ठरलेलं. पुढे-मागे काय घडतं, नाटक कुणाचं, याच्याशी देणंघेणं नाही. तरी एक सांगते, बेळगावच्या कुमार गंधर्व रंगमंदिरात आम्ही एका संध्याकाळी मराठी नाटक पाहिलं आणि दुसऱ्या संध्याकाळी कन्नड, आणि त्यासाठी कुणी आमच्या हातात नियमांचा कागद दिला नव्हता.

शेवटी आम्ही गिरीश कार्नाडांचं ‘नागमंडल’ निवडलं. 1988 चं कन्नड नाटक, इंग्रजी त्यांनी स्वतःच केलेलं, त्यामुळे ‘छापील पुस्तक हवं’ ही वर्गाची अटही पुरी झाली. राणी नवी नवरी. नवरा, अप्पण्णा, तिला कोंडून बाहेरून कुलूप लावतो आणि फक्त दुपारी जेवायला येतो. हो, इथेही लग्न आहेच, दिसतंय मला. पण ही पोरगी कुणापुढे गयावया करत बसत नाही. एकटीच बडबडते. गरुड तिला सात समुद्रांपलीकडे आई-बाबांकडे नेतो, सोनेरी शिंगांचा हरिण दाराशी येतो, असं स्वतःलाच रचून सांगते. नटीला करायला काम आहे. लेक किचनमध्ये वॉशिंग मशीनवर बसून (इथे ते स्वयंपाकघरातच असतं) तालीम करते. गरुडासाठी आवाज जाड करते, आणि आई-बाबांचा उल्लेख आला की पाय हलवायचे थांबतात. ते तिला कुणी शिकवलेलं नाही.

बेळगावातल्या अनगोळच्या काकांना व्हिडिओ कॉलवर सांगितलं. बेळगाव कर्नाटकात घातल्याच्या निषेधाची, 1 नोव्हेंबरच्या काळ्या दिनाची फेरी न चुकवणारा माणूस. ‘आपल्या संस्कृतीतलं म्हणून कन्नड नाटक? मराठीत नाटकं संपली काय गं?’

म्हटलं, काका, इंग्रजीत छापलेलं तेंडुलकरांचं मिळतं, पण ‘शांतता! कोर्ट चालू आहे’मधल्या बेणारेबाईंचं स्वगत या वयाच्या मुलीला देऊ? तिशी ओलांडलेली बाई, भर कोर्टात उभी. आणि मराठी संगीत नाटक उभं करणारे अण्णासाहेब किर्लोस्कर कुठले? आपल्या जिल्ह्यातल्याच, कन्नड मुलखातल्या गुर्लहोसूरचे ना?

‘पण लिहिलं मराठीत,’ काका म्हणाले. ते बरोबरच. मुलीला कन्नड शिकवलं नाहीस, हे मला मैत्रिणी ऐकवतात. कन्नड नाटक का, हे काका. इथे सकाळच्या धावपळीत ‘दप्तर घे’ एवढं मराठी टिकवतानाच दमछाक होते, ते कुणी बघत नाही.

मग काका जरा वेळ गप्प झाले आणि विचारलं, ‘पारिजात का नाही करत?’ गोकाककडच्या कुलगोडच्या तम्मण्णांनी गाजवलेलं श्रीकृष्ण पारिजात, आमच्याकडचं कन्नड लोकनाट्य. लहानपणी मामाच्या गावी रात्र-रात्र जागून बघितलेलं. फूल रुक्मिणीला मिळालं म्हणून सत्यभामा कशी फणकारते, ते त्यांनी फोनवरच करून दाखवलं. हात कमरेवर, मान वाकडी, आणि सगळं कन्नडमध्ये! लेक हसून हसून मशीनवरून खाली उतरली. तिला एक अक्षर कळलं नव्हतं, पण रागाचं कारण बरोबर ओळखलं.

आता तिला सत्यभामाच करायचीय. काका अर्थ सांगणार, मी मराठीत लिहून घेणार, इंग्रजी ती स्वतः करणार. छापील पुस्तक नसलं तर चालेल का, असं बाईंना कळवलंय. त्यांचं उत्तर यायचंय. तोवर राणी सोडायची नाही, असं मी तिला बजावलंय.