ऑस्ट्रियाचं पान

नौपाड्यातलं घर रिडेव्हलपमेंटला जाणार, म्हणून माळा आवरत होते. बाबांचा टपाल तिकिटांचा अल्बम निघाला. ओलीने पानं चिकटलेली. ऑस्ट्रियाचं तेवढं शाबूत. व्हिएन्नाच्या ऑपेराचं तिकीट, १९५५, कडेचा एक दात तुटलेला.

काय वर्ष होतं! १५ मे रोजी दुसऱ्या महायुद्धातल्या चार दोस्त राष्ट्रांसोबत व्हिएन्नाच्या बेल्व्हेडेर राजवाड्यात ऑस्ट्रियाचा करार झाला, त्यांचा दहा वर्षांचा लष्करी ताबा संपायची वाट मोकळी झाली. २६ ऑक्टोबरला कायमच्या तटस्थतेचा कायदा. आणि ५ नोव्हेंबरला, बॉम्बने उद्ध्वस्त झालेलं ते ऑपेरा हाउस बेथोव्हेनच्या ‘फिडेलिओ’ने पुन्हा उघडलं. गोष्ट कैद्याच्या सुटकेची, बघा! (आपण नाट्यगृह दुरुस्तीला गेलं तरी कुरकुरतो.)

तिकीट चिमट्याने हलकेच उचललं. मागे अल्बमात चिकटवायची कागदी बिजागरी, बाबांनी जिभेने ओली करून लावलेली.