‘हॅना फाउलर’ बाद यादीत

अमेरिकेतल्या केंटकी राज्याच्या दक्षिण भागात एका काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, वाचनालयात मी नोकरी करते. देवघेवीचं काम सगळ्यांना दिसतं. पुस्तकं बाद करण्याचं काम मात्र कुणाला दिसत नाही. कादंबरीला इथला नियम असा की दोन वर्षं ती कुणी घरी नेली नाही तर संगणक तिला बाद यादीत टाकतो. मग मी कपाटापाशी जाऊन बघायचं: बांधणी सुटली का, गावाला उपयोग उरला का, दुसरीकडे सहज मिळते का.

या हिवाळ्यातल्या यादीत जॅनिस होल्ट गाइल्सची बरीच पुस्तकं निघाली.

ही बाई याच मुलखातली लेखिका म्हणून ओळखली जाते, पण जन्म १९०५ सालचा, आर्कान्सॉमधला. घटस्फोट घेऊन ती नोकरीसाठी केंटकीत आली आणि लुईव्हिलच्या प्रेस्बिटेरियन सेमिनरीत, म्हणजे ख्रिस्ती धर्मशिक्षणाच्या संस्थेत, डीनची सेक्रेटरी झाली. १९४३मध्ये बसच्या लांबलचक प्रवासात तिला हेन्री गाइल्स हा सैनिक भेटला. युद्ध संपेपर्यंत दोघांची पत्रं चालली आणि १९४५ साली तो परतल्याबरोबर लग्न झालं. पहिली कादंबरी तिने नोकरी सांभाळून लिहिली. ती १९५०मध्ये आली. त्याच्या आदल्या वर्षीच दोघं अडेर काउंटीत, त्याच्या गावाकडे राहायला गेली. तिथे पडक्या घरांचे जुने ओंडके जमवून त्यांनी घर बांधलं. ‘हॅना फाउलर’ १९५६ची. अठराव्या शतकात बापाबरोबर केंटकीच्या रानात निघालेली हॅना. पायाची जखम चिघळून बाप जातो आणि पोरीला तिथेच संसार मांडावा लागतो. दिसायला बेताची, कामाला वाघ. समीक्षक ‘प्रादेशिक’ म्हणून अशा लेखिकांना बाजूला सारतात, त्याचा मला राग येतो. नव्या वसाहतीच्या सरहद्दीवरच्या बाईचा दिवस कशात जातो, हे इतकं नेमकं लिहिणारे फार नाहीत.

त्या दिवशी मी ही पुस्तकं ढकलगाडीवर काढत होते. खिडकीजवळच्या टेबलावरून एक आजीबाई उठून आल्या.

“हनी, हॅनाला कुठे नेतेस?”

मी यादी दाखवली. त्या म्हणाल्या, “पण मी तर वाचतेय ती!”

दर आठवड्याला त्या येतात, थोडी पानं वाचतात आणि पुस्तक स्वतःच जागेवर नीट लावून जातात. घरी नेत नाहीत, हरवण्याची भीती वाटते. आता गोम अशी की टेबलावर राहिलेली पुस्तकं आम्ही संध्याकाळी स्कॅन करतो, तेवढीच ‘आत वाचली’ म्हणून नोंदली जातात. जागेवर परत गेलेलं पुस्तक आमच्या लेखी कुणी उघडलेलंच नसतं. पसारा करणारा वाचक मोजला जातो, शिस्तीचा नाही. वरिष्ठांना हे सांगितलं. आकडे आकडेच असतात, असं उत्तर मिळालं.

मात्र मनातली एक अडचण त्यांना सांगितली नाही. गाइल्सच्या या गोष्टीत मूलनिवासी येतात ते बहुतेक धोका म्हणूनच. हॅनाला ते पळवूनही नेतात. ज्या रानात हे लोक घरं बांधत होते, ती शॉनी या मूलनिवासी जमातीची शिकारीची भूमी होती. मी हे आजीबाईंपाशी काढलं. त्या जराही रागावल्या नाहीत. “आमच्याकडे त्या काळी अशाच गोष्टी सांगायचे,” म्हणाल्या, आणि “त्यांची बाजू सांगणारं काही आहे का तुमच्याकडे?” असं विचारलं. आमच्याकडे फारसं नव्हतं.

शेवटी तोडगा निघाला तो असा: जुन्या प्रती केंटकी-कक्षात हलवायच्या. तिथली पुस्तकं कधी बाद होत नाहीत, पण ती घरीही नेता येत नाहीत आणि कर्मचारी मोकळा असेल तेव्हाच तो कक्ष उघडतो. म्हणजे पुस्तक बचावलं आणि वाचकापासून लांबही गेलं. हा तोडगा मी स्वीकारायला नको होता असं कधी वाटतं, तर कधी वाटतं की रद्दीपेक्षा बरं.

केंटकी विद्यापीठ मुद्रणालयाने तिच्या कादंबऱ्या पुन्हा छापल्या आहेत. खुल्या कपाटासाठी त्यातली ‘हॅना फाउलर’ आणि जोडीला शॉनींच्या इतिहासाची दोन पुस्तकं, अशी मागणी मी लिहून दिली आहे. मंजुरी अजून यायची आहे. तोवर आजीबाई आल्या की हातातलं काम ठेवून मी कक्ष उघडते.