नेवाशात विचारलेला एक प्रश्न

शिर्डी आणि शनिशिंगणापुरातले दोन दिवस रांगेतच गेले. लिहावंसं वाटतं ते नेवाशाबद्दल.

प्रवरेकाठच्या देवळात दुपारी आम्ही पाच-सहा जणच होतो. गाभाऱ्यात मूर्तीच्या जागी दगडी खांब. याला टेकून ज्ञानदेवांनी ज्ञानेश्वरी सांगितली आणि सच्चिदानंदबाबांनी ती लिहून घेतली, असं सगळे मानतात. मीही मानते. तिथे हात जोडताना गळा दाटून आला.

मंडपात एक आजोबा ज्ञानेश्वरीच्या पारायणाला बसले होते. त्यांचा अध्याय संपल्यावर मी जवळ जाऊन बसले आणि कॉलेजपासून मनात असलेलं विचारलं. शिवराम एकनाथ भारदे यांनी 'भारद्वाज' या नावाने 'सुधारक' या वृत्तपत्रात लिहिलं होतं की ज्ञानेश्वरी लिहिणारे वेगळे आणि अभंग रचणारे ज्ञानदेव वेगळे. ज्ञानेश्वरीत पंढरीच्या विठ्ठलाची भक्ती दिसत नाही, अभंगांची भाषाही नंतरची वाटते. हे खरं का?

मागचे एक गृहस्थ तडकलेच. "देवळात येऊन असलं विचारतात?"

फार लागलं मला ते. ज्या पोथीवर जीव आहे, तिच्याबद्दलच माणूस विचारणार ना!

आजोबांनी त्यांना हातानेच थांबवलं आणि शेवटचं पान माझ्यापुढे धरलं. "वाच, पोरी."

एकनाथांच्या ओव्या होत्या. शके १५०६ मध्ये त्यांनी पाठ शुद्ध केला, तेव्हाच्या. ज्ञानेश्वरीत जो स्वतःची ओवी घालील, "तेणें अमृताचे ताटीं, जाण नरोटी ठेविली". नरोटी म्हणजे नारळाची करवंटी. लोक घालत असणार, म्हणून तर नाथांना असं बजावावं लागलं.

"पोथीला नाथ भेटले," आजोबा म्हणाले. "अभंग तोंडातोंडी गेले. गाणाऱ्यानं आपली बोली त्यात घातली. भाषा बदलली म्हणून माणूसच दुसरा, असं कसं धरायचं?"

भाषेपुरतं मला पटलं. विठ्ठलाचं म्हणाल, तर गीतेवर बोलताना गीतेतला कृष्ण समोर असतो आणि कीर्तनात पंढरीचा, असं मी स्वतःला सांगते. पुरतं समाधान होत नाही.

त्याच पानावर वरती ती ओवी होती: "शके बाराशतें बारोत्तरें, तैं टीका केली ज्ञानेश्वरें". आजवर कितीदा म्हटली असेल, पण 'ज्ञानेश्वरें' हे दुसऱ्या कुणीतरी सांगितल्यासारखं आहे, हे तिथे पहिल्यांदा जाणवलं.

"आजोबा, ही कुणाची?"

"लिहिणाऱ्या बाबांची असंल," ते म्हणाले आणि चष्मा पुसून पुढचा अध्याय उघडला.